भुताचं श्रेय नटाला द्या

माक्स श्रेक हा खराखुरा रक्तपिपासू होता, असं आज कुणी गंभीरपणे म्हणत नाही. म्हणणारे डोळे मिचकावून म्हणतात. पण थट्टा सत्तर वर्षं चालली की तिला माहितीचा दर्जा मिळतो, आणि ‘नोस्फेरातू’ या १९२२च्या जर्मन मूकपटाबद्दल तसंच झालं आहे. फिल्म सोसायटीच्या खेळाआधीचं प्रास्ताविक असो की एखाद्या जाणत्याने लिहिलेलं टिपण, श्रेकचं नाव निघालं की ठरलेली वाक्यं हजर होतात. तो कोण होता ते नीट कुणालाच माहीत नाही. श्रेक हे म्हणे टोपणनाव. शूटिंगभर त्याने मेकअप उतरवलाच नाही, आणि यायचा तो फक्त रात्री. या एका चित्रपटानंतर कुठे गेला कोण जाणे.

यातलं एकही वाक्य खरं नाही. श्रेक कुठे जन्मला, कुठे शिकला, कोणकोणत्या गावांच्या नाट्यगृहांत राबला, कुणाशी संसार केला, कुठल्या रात्री शेवटचा रंगमंचावर उभा राहिला, हे सगळं नोंदलेलं आहे. श्टेफान आइकहॉफ यांनी २००९मध्ये त्याचं सविस्तर चरित्रही लिहिलं. तरी दंतकथा जागची हलत नाही, कारण ती अज्ञानावर जगतच नाही. एखादं काम थक्क करणारं असेल, तर ते पगारावर नेमलेल्या, वेळेवर तालमीला येणाऱ्या माणसाने केलं असेल यावर आपला विश्वास बसत नाही. मग त्याच्यात झपाटलेपण शोधायचं, शाप शोधायचा, आणि तेही सापडलं नाही तर थेट भूतच उभं करायचं. माझं भांडण या सवयीशी आहे. श्रेक हे तिचं सगळ्यात ढळढळीत उदाहरण.

ही भानगड सुरू कशी झाली, ते आधी पाहू. १९२१मध्ये फ्रीडरिश विल्हेल्म मुर्नाऊने हा चित्रपट केला तो प्राना नावाच्या नवख्या कंपनीसाठी. आपल्या ‘प्राण’वरूनच घेतलेलं नाव, कंपनीचा एक चालक आल्बिन ग्राउ गूढविद्येच्या नादातला होता, त्याचा हा परिणाम. ग्राउने नेपथ्य, वेशभूषा आणि पिशाच्चाचं रूप आखलं, हेन्रिक गालेनने पटकथा लिहिली, आणि ब्रॅम स्टोकरच्या ‘ड्रॅक्युला’चे हक्क विकत घेण्याचे कष्ट कुणीच घेतले नाहीत. काउंट ड्रॅक्युलाचा काउंट ऑर्लोक झाला, लंडनच्या जागी जर्मन बंदर आलं, एवढंच. ४ मार्च १९२२ रोजी बर्लिनच्या प्राणिसंग्रहालयाच्या सभागृहात थाटात पहिला खेळ झाला. पाठोपाठ स्टोकरची विधवा फ्लॉरेन्स कोर्टात गेली. प्राना दिवाळखोरीत निघाली, आणि १९२५मध्ये जर्मन न्यायालयाने सगळ्या प्रती नष्ट करायला सांगितल्या. पण काही प्रती तोवर देशाबाहेर गेल्या होत्या. त्या वाचल्या, कुठे कापलेल्या, कुठे नव्या पाट्या चिकटवलेल्या, अशा अवस्थेत पुढची काही दशकं त्या या हातातून त्या हातात फिरत राहिल्या.

असा चित्रपट म्हणजे दंतकथेला आयतीच सुपीक जमीन. पॅरिसच्या अतिवास्तववाद्यांचा तो लाडका होता. त्यांच्यातलाच एक, ग्रीसमधून आलेला समीक्षक आडो किरू, याने १९५३मध्ये अतिवास्तववाद आणि सिनेमा यांवर पुस्तक लिहिलं आणि त्यात शंका काढली की श्रेक हे श्रेयनामावलीतलं नाव म्हणजे निव्वळ पडदा आहे, पिशाच्चाच्या मेकअपमागचा खरा माणूस कोण ते कुणी सांगितलेलंच नाही, कदाचित खुद्द मुर्नाऊच असेल. श्रेक तेव्हा जाऊन सतरा वर्षं झाली होती. त्याच्याबरोबर वर्षानुवर्षं काम केलेली माणसं म्युनिकमध्ये हयात होती. जर्मन नाट्यव्यवसायाची एक वार्षिकी निघते, तिच्यात देशभरातल्या नाट्यगृहांचे संच नावानिशी छापलेले असतात. ती ग्रंथालयांत होती. पण कोडं सुटलं असतं तर पुस्तकातला एक सुरेख परिच्छेद हातचा गेला असता. किरूला कोडंच हवं होतं.

श्रेक या शब्दाचा जर्मनमध्ये अर्थ धास्ती, भीती. यावरून टोपणनावाची कल्पना निघाली. आडनावावरून धंदा ओळखायचा असेल तर आपल्याकडच्या सगळ्या वाघमाऱ्यांना बंदुकीचा परवाना द्यावा लागेल. श्रेक हे जर्मनीत साधं आडनाव आहे आणि या श्रेकला ते बापाकडून मिळालं होतं. पण खेळ पुढे चालूच राहिला: टिम बर्टनने १९९२च्या ‘बॅटमॅन रिटर्न्स’मध्ये क्रिस्टोफर वॉकनच्या खलनायकाला तेच नाव चिकटवलं. नट बाजूला राहिला आणि नाव खेळणं झालं.

आता नटाकडे येऊ. जन्म ६ सप्टेंबर १८७९, बर्लिनलगतच्या फ्रीडेनाऊमध्ये. वडिलांना नाटकाचं वेड मान्य नव्हतं. आई हळूच पैसे द्यायची आणि पोरगा त्यातून चोरून अभिनयाचे धडे घ्यायचा. वडील गेल्यावरच तो उघडपणे नाट्यशाळेत जाऊ शकला. (ही गोष्ट मराठी नाटकवाल्यांच्या घरांत इतकी ओळखीची आहे की तिच्यावर टीका-टिप्पणी नको.) शिक्षण संपल्यावर काही काळ फिरत्या मंडळीबरोबर भटकंती, आणि मग गावोगावची नाट्यगृहं: मेझेरिट्झ, श्पायर, म्युलहाउझेन, रुडोलश्टाट, एरफुर्ट, वाइसेनफेल्स, गेरा. पुढे फ्रँकफर्ट, मग बर्लिनमध्ये माक्स राइनहार्टचा ताफा. पहिल्या महायुद्धात सैन्यातली नोकरी, आणि युद्धानंतर म्युनिकचं कामरश्पीले.

गावांची ही यादी कंटाळवाणी वाटली तरी ती मी मुद्दाम दिली, कारण सगळं रहस्य असलंच तर तिच्यातच आहे. जर्मन शहरी रंगभूमीची पद्धत आपल्यासारखी नव्हती. आपल्याकडे एक नाटक उचलायचं आणि त्याचे शेकडो प्रयोग करत दौरे काढायचे. तिथे नाट्यगृहाचा स्वतःचा पगारी संच असे, आणि तोच संच हंगामभर आलटून पालटून अनेक नाटकं करी. आज शिलर, उद्या फार्स, परवा शेक्सपिअरमधला दुसरा शिपाई. दर नटाची जात ठरलेली: कुणी नायक, कुणी प्रेमिक, कुणी म्हातारे आणि विक्षिप्त लोक करणारा. श्रेक तरुणपणापासून या शेवटच्या पंगतीत बसला. उंच, हाडकुळा, लांबट चेहऱ्याचा माणूस. त्याला रोमिओ कोण देणार? म्हातारे, कंजूष, आंधळे, सैतान, दरबारी कारस्थानी, वेडे शास्त्री असल्या भूमिका त्याच्याकडे यायच्या. अशा नटाची दोन मिनिटांची एंट्री असते. त्या दोन मिनिटांत चालण्यावरून, मानेच्या कोनावरून, बोटांवरून सबंध माणूस उभा करावा लागतो, कारण दुसरी संधी नाही. ‘नोस्फेरातू’साठी मुर्नाऊ चाळिशी ओलांडलेल्या ज्या माणसाकडे गेला, त्याच्या पाठीशी असं दोन दशकांचं काम होतं.

आणि तिथेही श्रेक पडद्यावर आहे जेमतेम नऊ-दहा मिनिटं. चित्रपट दीड तासाचा.

या मिनिटांत तो काय करतो, ते दंतकथा सांगणाऱ्यांनी एकदा नीट पाहावं. त्या चित्रपटातले बाकीचे सगळे भरपूर अभिनय करतात. गुस्ताव फॉन वांगेनहाइमचा तरुण नायक हुट्टर उड्या मारत हसतो. आलेक्सांडर ग्रानाखचा घरदलाल क्नोक डोळे फिरवतो, हात चोळतो, माशा पकडून खातो; ग्रानाख मोठा नट होता आणि ही अतिशयोक्ती त्याने जाणूनबुजून केली आहे. या गलबल्यात श्रेक जवळजवळ काहीच करत नाही. कोपरं अंगाशी घट्ट, खांदे वर चढलेले, पावलं आखूड. मान वळवायची तर धडासकट वळतो. जेवणाच्या प्रसंगात हुट्टरने आणलेलं पत्र वाचताना कागदाच्या वरून फक्त त्याचे डोळे दिसतात, आणि पाहुण्याचं बोट कापल्यावर तो जो पुढे सरकतो त्यात झडप नाही, भुकेल्या माणसाचं ओशाळं तत्पर होणं आहे. मला या चित्रपटातलं सगळ्यात भयंकर दृश्य तेच वाटतं. दारात उभी राहिलेली आकृती आणि जिन्यावरची सावली भित्तिपत्रकांवर गेली, पण तीही कुणीतरी उभं राहून, हात नेमक्या अंतरावर धरूनच पाडलेली सावली आहे. आणि शेवट: पहाटे पलंगाशी वाकलेला ऑर्लोक मान वर करतो, उठतो, खिडकीकडे वळतो, हात छातीशी जातो. रागही नाही, किंकाळीही नाही. उशीर झाला एवढंच त्याला कळतं.

शवपेटीतून तो ताठ फळीसारखा उठतो त्यात बाहेरची युक्ती आहे, हे कबूल. घोडागाडी भरधाव पळते त्यात कॅमेऱ्याची. पण मग लगेच दुसरा आक्षेप पुढे येतो, आणि तो पहिल्यापेक्षा जास्त शहाण्या माणसांचा आहे. हे लोक म्हणतात: भूतबीत सोडा, पण श्रेकचं तरी त्यात काय? टक्कल, वटवाघळाचे कान, उंदरासारखे पुढचे दात, लांबणारी नखं हे सगळं ग्राउच्या कागदावरचं. त्या रूपात कुणालाही उभं केलं असतं तरी लोक घाबरले असते.

या प्रयोगाचा निकाल लागलेला आहे. १९७९मध्ये वेर्नर हेर्झोगने ‘नोस्फेरातू’ पुन्हा केला आणि क्लाउस किन्स्कीला जवळपास तेच टक्कल, तेच कान, तेच दात दिले. किन्स्की हा काही ऐरागैरा नव्हे. पण त्याचा काउंट थकलेला आहे, सुस्कारे सोडतो, मरता येत नाही म्हणून कण्हतो. त्याची कीव येते. श्रेकचा ऑर्लोक कीव मागत नाही आणि घाबरवायचा प्रयत्नही करत नाही. मेकअप एकच, पिशाच्चं दोन, आणि दोघांत काही नातं नाही. मेकअपने भूमिका होत असती तर हे शक्य झालं असतं का?

आता ‘शॅडो ऑफ द व्हँपायर’कडे वळतो, कारण आजच्या बहुतेक लोकांना श्रेक माहीत आहे तो या २००० सालच्या चित्रपटामुळे. दिग्दर्शक ई. एलायस मेरिज, मुर्नाऊ झाला आहे जॉन मॅल्कोविच आणि श्रेक झाला आहे विलेम डॅफो. कल्पना अशी: मुर्नाऊ परिपूर्णतेसाठी इतका वेडा होतो की खरंखुरं पिशाच्च शोधून आणतो, आणि बाकीच्यांना सांगतो की हा श्रेक नावाचा नट आहे, भूमिकेत शिरून राहणारा, म्हणून रात्रीच भेटेल आणि मेकअपमध्येच भेटेल. डॅफो अफलातून आहे. ऑस्करचं नामांकन त्याला उगाच मिळालं नाही. चित्रपट विनोदी अंगाने पाहावा असाच केला आहे, हे मलाही कळतं.

पण विनोद कुणाच्या जिवावर चालला आहे ते बघा. एका माणसाचं नाव, त्याचा चेहरा, त्याची एकमेव जगप्रसिद्ध भूमिका घेतली, आणि पडद्यावर सिद्ध काय केलं? की ती भूमिका त्याने केलीच नाही. नट नव्हताच. जे दिसतं तो अभिनय नसून जनावराचं जनावरपण आहे. आणि हे सिद्ध करायला नेमला कोण, तर एक उत्कृष्ट नट, ज्याने खुर्चीत बसून तासन्‌तास मेकअप करवून घेतला आणि महिनोन्‌महिने श्रेकच्या हालचालींचा अभ्यास केल्यासारखी भूमिका केली! डॅफोला त्याच्या कष्टांचं कौतुक मिळालं. ज्याची नक्कल केली त्याला मात्र कष्ट करायची मुभा नाही.

शिवाय कथेचा पायाच मूळ चित्रपट नीट न पाहता घातलेला आहे. १९२१ची फिल्म इतकी संवेदनशील नव्हती की बाहेर रात्री चित्रण करता यावं. ‘नोस्फेरातू’ची बाह्य दृश्यं दिवसाढवळ्या घेतली आणि मग त्या पट्ट्या निळ्या रंगवल्या, प्रेक्षकाने निळं म्हणजे रात्र समजायचं. पुढे रंग नसलेल्या प्रती फिरल्या, तेव्हा गंमत उघडी पडली: सूर्याने जळून मरणारा ऑर्लोक बगलेत शवपेटी धरून विस्मारच्या रस्त्यातून स्वच्छ उन्हात चालतो आहे. रात्रीच येणाऱ्या नटाची गोष्ट मोडून काढायला दुसरा पुरावा कशाला? तो पडद्यावरच आहे, सावलीसकट.

मेरिजच्या चित्रपटात शेवटी पिशाच्च कॅमेरामन फ्रिट्झ आर्नो वाग्नर आणि आल्बिन ग्राउ यांना मारून टाकतं. खऱ्या वाग्नरने त्यानंतर नऊ वर्षांनी फ्रिट्झ लांगचा ‘एम’ चित्रित केला. नायिका ग्रेटा श्र्योडरही तिथे बळी जाते. खरी ग्रेटा पुढे कितीतरी वर्षं जगली. आणि खऱ्या शूटिंगमध्ये आणखी एक बाई होती, जिचा उल्लेख दंतकथेला परवडणारच नाही: इस्पितळातल्या नर्सचं छोटं काम करणारी फॅनी श्रेक. पिशाच्चाची बायको. तीही रंगभूमीवरची नटी, माहेरची फॅनी नॉर्मन. नवरा-बायको एकाच चित्रपटात मिळेल ते काम करताहेत, हे चित्र कुठल्याही नाटकवाल्याच्या घरात शोभेल, वाड्याच्या तळघरात नाही.

‘नोस्फेरातू’नंतर तो गायब झाला म्हणणाऱ्यांसाठी एक तारीख देतो: २९ सप्टेंबर १९२२. पहिल्या खेळाला सात महिनेही झाले नव्हते. म्युनिकच्या कामरश्पीलेमध्ये ऑटो फाल्केनबेर्गने चोवीस वर्षांच्या एका पोराचं नाटक रंगमंचावर आणलं. पोराचं नाव बर्टोल्ट ब्रेख्त, नाटक ‘ट्रॉमेल्न इन डेर नाख्ट’. ब्रेख्तचं रंगमंचावर आलेलं हे पहिलं नाटक. प्रेक्षकांनी भावुक होऊन पाहू नये अशी ताकीद देणाऱ्या पाट्या सभागृहात लावल्या होत्या. त्यात ग्लुब हा दारूचा गुत्तेवाला झाला होता माक्स श्रेक. पुलंच्या ‘तीन पैशाचा तमाशा’मुळे, खानोलकरांच्या ‘अजब न्याय वर्तुळाचा’मुळे मराठी रंगभूमीच्या घरात येऊन बसलेल्या ब्रेख्तची पहिली रात्र ज्यांनी पेलली, त्यांच्यात हे आपलं भूत होतं. पुढच्याच वर्षी ब्रेख्त आणि एरिश एंगेल यांनी कार्ल व्हालेंटिन या म्युनिकच्या अफाट विनोदी नटाला घेऊन एका न्हाव्याच्या दुकानावर लहानसा, वेडाचार मूकपट केला, त्यातही श्रेक आहे. कार्ल ग्रुनेच्या ‘डी श्ट्रासे’मध्ये तो आंधळा झाला. मुर्नाऊने त्याला १९२४च्या ‘डी फिनान्त्सेन डेस ग्रोसहेर्त्सोग्स’मध्ये पुन्हा बोलावलं, आणि तो चक्क हलकाफुलका विनोदी चित्रपट आहे. ज्या दिग्दर्शकाने म्हणे पिशाच्चाशी करार केला होता, त्याने त्याला दुसऱ्यांदा प्रहसनासाठी कशाला बोलावलं असेल?

१९२६मध्ये तो कामरश्पीलेमध्ये परतला आणि मरेपर्यंत म्युनिकचाच राहिला. बोलपट आले तेव्हा मूकपटाचे कितीतरी तारे विझले. श्रेकला अडचण आली नाही, कारण त्याचा आवाज रंगभूमीवर तयार झालेला होता. माक्स ओफ्युल्सच्या ‘डी फेरकाउफ्टे ब्राउट’मध्ये १९३२ साली तो जत्रेतल्या खेळवाल्यांच्या टोळीत आहे, पुन्हा व्हालेंटिनच्या सोबतीला. १९३३च्या ‘डेर टुनेल’मध्ये आहे. चित्रपट चाळीसच्या आसपास, बहुतेक भूमिका बारक्या.

बारक्या. इथे प्रतिपक्षाचा शेवटचा डाव येतो: म्हणजे बघा, एक भूमिका सोडली तर नट सामान्यच होता, नशिबाने एकदा जमून गेलं. या युक्तिवादात पडद्यावर किती वेळ दिसला हे नटाचं मोजमाप मानलेलं आहे, आणि नाटक तर जमेतच धरलेलं नाही. सिनेमावाल्यांचा हा जुनाच अहंकार. रेकॉर्ड झालं ते खरं, रात्री साडेदहाला पडदा पडला की संपलं ते खोटं. श्रेक शेकडो भूमिका करून गेला. त्यातल्या बहुतेक म्युनिक, फ्रँकफर्ट, गेरासारख्या गावांतल्या प्रेक्षकांबरोबर नाहीशा झाल्या. सेल्युलॉइडवर टिकलेली मोठी भूमिका एकच, तीही कोर्टाच्या हुकमातून निसटलेल्या प्रतींमुळे. आपल्यापर्यंत फक्त एकच पोहोचली यात कमीपणा आपल्या बाजूचा आहे, त्याच्या नाही.

एक गोष्ट मात्र झाकून ठेवायची नाही. श्रेकला साधू ठरवणं हा या लेखाचा हेतू नाही. १९३३नंतर ग्रानाखला आणि वांगेनहाइमला देश सोडावा लागला; ग्रानाख ज्यू, वांगेनहाइम कम्युनिस्ट. श्रेक म्युनिकमध्येच राहिला आणि काम करत राहिला. शिवाय ऑर्लोकच्या रूपाबद्दल समीक्षकांनी एक गंभीर प्रश्न विचारलेला आहे: पूर्वेकडून येणारा, आकड्यासारख्या नाकाचा, उंदीर आणि रोगराई घेऊन जर्मन गावात घर विकत घेणारा परका. त्या काळच्या ज्यूद्वेषी चित्रांशी त्याचं साम्य डोळ्यांत भरतं. दुसरीकडे पटकथा लिहिणारा गालेन ज्यूच होता आणि ग्रानाखही. या प्रश्नाचं उत्तर सोपं नाही, पण तो विचारता येतो तो माणसांना. ग्राउने काय आखलं, मुर्नाऊने काय मागितलं, श्रेकने शरीराने काय दिलं, हे तपासता येतं. पडद्यावर भूतच होतं म्हटलं की श्रेय जातं आणि जबाबदारीही जाते. दंतकथेला लोक निरुपद्रवी म्हणतात, ते मला म्हणूनच पटत नाही.

आणि निरुपद्रवी म्हणताना हेही आठवावं की २०१५मध्ये बर्लिनजवळच्या श्टान्सडोर्फच्या कबरस्तानात मुर्नाऊची कबर फोडून कुणीतरी त्याची कवटी पळवली. जवळ मेणाचे थेंब सापडले, म्हणून काही गूढविधी झाला असावा असा संशय घेतला गेला. चोर कोण आणि त्याच्या डोक्यात काय होतं याचा जबाब मेरिजकडे किंवा किरूकडे मागण्यात अर्थ नाही. पण कलावंताच्या कामापेक्षा त्याच्या हाडांत जास्त रस घेणारे लोक जगात आहेत एवढं त्यावरून कळतं.

श्रेकला ओळखणाऱ्यांनी त्याचं वर्णन केलं आहे ते एकटा राहणारा, जंगलात लांबलांब फिरायला जाणारा, कामाला चोख आणि तिरकस विनोदबुद्धीचा माणूस असं. दंतकथाकारांनी यातला एकटेपणा आणि जंगल तेवढं उचललं. विनोदबुद्धी आणि चोखपणा टाकून दिला, कारण पिशाच्चाला त्यांचा उपयोग नाही. खरं तर ऑर्लोक कळायला त्याच दोन गोष्टी लागतात. ऑर्लोक किंचित हास्यास्पद आहे. स्वतःची शवपेटी स्वतःच वाहून नेणारा सरदार, नोकर नसलेला, घर घेण्यासाठी दलालाशी पत्रव्यवहार करणारा. श्रेकने तो हास्यास्पदपणा लपवला नाही आणि वाढवलाही नाही. नेमक्या मापाने ठेवला. हे माप त्याला मोलिएर आणि फार्स करताना सापडलेलं होतं. भुताला कशाला सापडेल?

१९ फेब्रुवारी १९३६च्या रात्री कामरश्पीलेमध्ये शिलरच्या ‘डॉन कार्लोस’चा प्रयोग होता. महाधर्मन्यायाधीशाची भूमिका विल डोमची. त्याच्या जागी त्या रात्री श्रेक उभा राहिला. नव्वद वर्षांचा आंधळा म्हातारा, नाटकाच्या अगदी शेवटी येतो, राजालाही गुडघ्यावर आणतो आणि जातो. लहान, पण नाटकाचा निकाल लावणारी भूमिका. प्रयोगानंतर श्रेकला अस्वस्थ वाटू लागलं, डॉक्टरांनी इस्पितळात पाठवलं, आणि २०च्या पहाटे हृदयविकाराने तो गेला. वय छप्पन्न. मृत्युलेखात विशेष कौतुक झालं ते मोलिएरच्या कंजूषाच्या भूमिकेचं. ‘नोस्फेरातू’ तेव्हा चौदा वर्षं जुना, कोर्टाने नष्ट करायला लावलेला एक मूकपट होता.